रिपोर्ट नॉर्मल, पण कोणत्या तंतूंचा?

मीरा रोडच्या हाटकेश भागात हे बोलणे कानावर पडले नाही असा माणूस विरळा. तळपायांची आग होते म्हणून कोणी डॉक्टरांकडे जातो, डॉक्टर 'नसांची टेस्ट' लिहून देतात, विजेचे बारीक झटके सोसून तो दोन पानी रिपोर्ट घेऊन बाहेर येतो, आणि रिपोर्टच्या तळाशी लिहिलेले असते की सर्व काही सामान्य मर्यादेत आहे. पुढचे वाक्य घरातले कोणीतरी बोलते, कधी डॉक्टरही बोलतात: नसा ठीक आहेत, टेन्शन घेऊ नका. हाटकेश उद्योगनगरातल्या गाळ्यात दिवसभर यंत्रापुढे उभा राहणारा कामगार असो की चार घरची पोळीभाजी करणारी बाई, रात्री पायावर चादर सोसत नाही, पाय पलंगाखाली सोडून गार फरशीला टेकवावे लागतात, झोप तुटते. आता तर त्या माणसाच्या हातात स्वतःच्याच दुखण्याविरुद्ध छापील पुरावा आलेला असतो. मग तो बोलायचे बंद करतो.

मला खोडून काढायचा आहे तो हा निष्कर्ष. ती तपासणी चांगली आहे, तिच्यामुळे हजारो लोकांचे हात-पाय वाचले आहेत, आणि तिच्याबद्दल माझी काही तक्रार नाही. तक्रार आहे ती तिच्या तोंडी घातल्या जाणाऱ्या, तिने कधीच न उच्चारलेल्या वाक्याबद्दल.

पूर्वपक्ष आधी नीट मांडला पाहिजे, कारण तो मूर्खपणाचा नाही. तो म्हणतो: वेदना चेतातंतूंतून धावणाऱ्या विद्युत्संदेशांवाटे मेंदूपर्यंत पोचते. तंतू खराब झाला तर संदेश मंदावेल किंवा क्षीण होईल. एनसीव्ही ही 'नसांची टेस्ट' संदेशाचा वेगही मोजते आणि जोरही. दोन्ही ठीक निघाले, म्हणजे तंतू धड आहेत. तंतू धड असून माणूस दुखते म्हणतो, तर दुखण्याचे मूळ मनात शोधायला हवे. शिवाय वैद्यकात मोजमापाला मान असलाच पाहिजे. रुग्णाच्या शब्दावरच चालायचे ठरवले तर औषधांना आणि तपासण्यांना अंत राहणार नाही.

या युक्तिवादात दोन उड्या आहेत. पहिली यंत्रापासून तंतूंपर्यंत, दुसरी तंतूंपासून मनापर्यंत. दुसरी उडी तर कच्चीच आहे, कारण शरीरात दुखण्याची आणखी पन्नास कारणे असू शकतात. पण खरा घोटाळा पहिल्या उडीत आहे, आणि तिच्याकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही.

आपल्या तर्कपरंपरेने या जातीच्या चुकीला फार पूर्वी उत्तर देऊन ठेवले आहे. जमिनीवर घट दिसत नाही म्हणून तिथे घट नाही, असे केव्हा म्हणता येते? घट असता तर तो दिसलाच असता, एवढी खात्री असेल तेव्हा. उजेड हवा, डोळे धड हवेत, मध्ये आडपडदा नको. अंधाऱ्या खोलीत डोकावून 'घट दिसत नाही, सबब घट नाही' म्हणणाऱ्याला भाट्ट मीमांसकही उभा करणार नाही आणि नैयायिकही नाही. अनुपलब्धी, म्हणजे न दिसणे, हे स्वतंत्र प्रमाण मानावे की नाही यावर त्या दोघांचे कितीही वाजत असले तरी. जी वस्तू त्या साधनाला दिसण्याजोगी आहे, तिचेच न दिसणे तिच्या अभावाचा पुरावा होते. याला योग्यानुपलब्धी म्हणतात. तेव्हा प्रश्न सरळ आहे. आग, वेदना, गार-गरम यांचे संदेश नेणारे तंतू एनसीव्हीला दिसण्याजोगे आहेत का?

नाहीत. का नाहीत, ते तपासणीच्या टेबलाजवळ उभे राहून पाहण्यासारखे आहे. पायाच्या सुरल नसेची तपासणी घ्या. घोट्याच्या बाहेरच्या बाजूला, मागे, त्वचेवर इलेक्ट्रोड चिकटवतात. तिथून १४ सेंटीमीटर वर, पोटरीच्या मागच्या बाजूला, दोन टोकांचा स्टिम्युलेटर टेकवून झटका देतात. पडद्यावर एक छोटी लहर उमटते. तिची उंची व्होल्टच्या दहा लाखाव्या भागांत, म्हणजे मायक्रोव्होल्टमध्ये मोजायची, आणि तीही जेमतेम पाच-दहा किंवा वीस-पंचवीस. जाड तंतूंतला संदेश सेकंदाला सुमारे ५० मीटर धावतो, म्हणजे हे १४ सेंटीमीटर तो २.८ मिलिसेकंदांत तोडतो. अशा तपासणीत पडदा साधारण १० ते २० मिलिसेकंदांची नोंद दाखवतो. जाड तंतूंना तेवढी पुरून उरते.

आता बारीक तंतू पाहा. त्यांना सी तंतू म्हणतात. जाड तंतूंवर मायेलिनचे वेष्टन असते, यांच्यावर नसते. यांची जाडी एक मायक्रोनच्या आसपास आणि वेग सेकंदाला अर्धा ते दोन मीटर. सेकंदाला एक मीटर या हिशेबाने तेच १४ सेंटीमीटर कापायला यांना १४० मिलिसेकंद लागतात. यांचा संदेश इलेक्ट्रोडपाशी पोचतो तेव्हा पडद्यावरची नोंद केव्हाच संपलेली असते. तंत्रज्ञाचा हात पुढच्या झटक्याकडे वळलेला असतो.

कोणी म्हणेल, मग पडदा लांबवा. लांबवून भागत नाही. जाड तंतूंचे वेग समजा ४० ते ६० मीटरच्या दरम्यान असले, तर १४ सेंटीमीटरच्या अंतरावर सर्वांत पुढच्या आणि सर्वांत मागच्या संदेशात जेमतेम सव्वा मिलिसेकंदाचे अंतर पडते. सगळे जवळजवळ एकदम येतात, त्यांची बेरीज होते, लहर उभी राहते. अर्धा ते दोन मीटर वेगाच्या बारीक तंतूंत मात्र पहिला संदेश ७० मिलिसेकंदांना येतो आणि शेवटचा २८० ला. मूळचेच इवलेसे संदेश एवढ्या लांब काळात विखुरतात, एकाचा चढ दुसऱ्याच्या उतारात जिरतो, आणि त्वचेवरच्या इलेक्ट्रोडला काहीच ऐकू येत नाही. त्यात बारीक तंतू जागे करायला झटकाही फार जोराचा लागतो. नेहमीच्या तपासणीत तो देत नाहीत, देऊही नये.

आणि हे तंतू मूठभर आहेत म्हणून सोडून द्यावेत असेही नाही. त्याच सुरल नसेत मायेलिन नसलेले तंतू मायेलिन असलेल्यांच्या सुमारे चौपट असतात. म्हणजे नसेतल्या बहुसंख्य तंतूंबद्दल जी तपासणी एक अक्षर बोलत नाही, तिच्या जोरावर आपण 'नसा ठीक आहेत' असा निकाल देऊन मोकळे होतो. हे तंतू करतात काय? तव्याला बोट लागले की आधी चटकन एक टोचणी जाणवते आणि क्षणभराने पसरत जाणारी जळजळ. टोचणी आणतात ते पातळ वेष्टनाचे ए-डेल्टा तंतू, जळजळ आणतात ते सी तंतू. पायाच्या अंगठ्यापासून पाठीच्या कण्यापर्यंत मीटरभराच्या वाटेवर या दोघांत जवळपास सेकंदाचा फरक पडतो, आणि बोटाच्या चटक्यात असाच फरक प्रत्येक स्वयंपाकघरात रोज अनुभवला जातो. ऊब, खाज, जळजळ यांची वाट सी तंतूंतून जाते. घाम आणणारे, रक्तवाहिन्या आवळणारे आदेशही याच जातीच्या तंतूंतून खाली येतात. ज्या माणसाचे पाय जळतात, कोरडे पडतात, कधी लाल तर कधी गार होतात, त्याची सगळी तक्रार नेमकी यंत्राच्या आंधळ्या बाजूची असते.

इथे पूर्वपक्ष म्हणेल की हे सगळे अनुमान झाले. बारीक तंतूंत खरोखर बिघाड असतो हे कोणी पाहिले? हा प्रश्न अगदी रास्त आहे, आणि त्याचे उत्तर स्वीडनमधल्या उप्साला शहरात सापडते.

१८५० मध्ये हेल्महोल्ट्झने बेडकाच्या नसेतल्या संदेशाचा वेग मोजला, तोवर तो मोजता येईल असेच शास्त्रज्ञांना वाटत नव्हते. १९२६ मध्ये केंब्रिजला एड्रियन आणि त्सोटरमन यांनी प्राण्याच्या एकट्या तंतूचे संदेश नोंदले. पण तोवर नस कापून, उघडी करून, तिचे धागे सोडवून हे काम व्हायचे. जिवंत, जाग्या, बोलत्या माणसाच्या बाबतीत ते शक्य नव्हते. १९६५ च्या सुमारास उप्सालाच्या रुग्णालयात कार्ल-एरिक हागबार्थ आणि ओके वाल्बो यांनी टंगस्टनची बारीक सुई थेट त्वचेतून नसेत घालायचे ठरवले. नसेला इजा होईल ही भीती खरी होती, म्हणून आधी त्यांनी एकमेकांच्या आणि स्वतःच्या नसांत सुया घातल्या. या पद्धतीला मायक्रोन्युरोग्राफी म्हणतात.

सुईची दांडी सुमारे ०.२ मिलिमीटर जाड असते. टोक सोडून बाकी सगळी सुई विद्युतरोधक थराने झाकलेली, आणि उघडे टोक काही मायक्रोनचे. बहुतेक वेळा जागा निवडतात ती गुडघ्याखाली बाहेरच्या अंगाला, जिथे हाडाचे बोंड हाताला लागते; त्याच्या मानेवरून पेरोनियल नस वळून जाते. दुसरी सुई जवळच त्वचेखाली, तुलनेसाठी. आधी सुईतून अगदी हलका प्रवाह सोडून नस शोधायची. माणूस सांगतो, 'पावलावर मुंग्या आल्या', की समजायचे टोक नसेला भिडले. मग हाताने, भिंगाखाली घड्याळ दुरुस्त करावे तशा संयमाने, सुई केसभर पुढे-मागे करत बसायचे. संदेश हजारो पटींनी वाढवून ध्वनिवर्धकावर सोडलेले असतात, कारण अशा कामात डोळ्यांपेक्षा कान आधी ओळखतो. भूल देता येत नाही. देहाचा तोच भाग तर ऐकायचा आहे. माणसाने पाय जरा हलवला की तासाभराची मेहनत वाया. झोपून राहणाऱ्या स्वयंसेवकाचे ऋण या शास्त्रावर फार मोठे आहे, ते सहसा कोणी मोजत नाही.

पण अशाने एकट्या बारीक तंतूचा संदेश इतरांच्या गलक्यातून ओळखायचा कसा? याचे उत्तर एरिक टोरेब्यर्क आणि रॉल्फ हालिन यांनी १९७० च्या दशकात काढले, आणि वैद्यकातली इतकी देखणी युक्ती मी दुसरी फारशी पाहिलेली नाही. पायाच्या त्वचेवर दर काही सेकंदांनी एक छोटा झटका द्यायचा. त्याचे उत्तर त्या तंतूतून प्रत्येक वेळी ठरावीक वेळाने येते. त्या नोंदी एकाखाली एक मांडत गेले की उत्तरांची एक सरळ उभी ओळ तयार होते. सी तंतूचा स्वभाव असा की तो जादा काम करून थकला की पुढचा संदेश जरा उशिरा नेतो. म्हणून दोन झटक्यांच्या मधल्या वेळात तंतू आपणहून किंवा उष्णतेने, खाजेने बोलला, तर पुढची खूण ओळ सोडून उजवीकडे सरकते आणि मग हळूहळू परत जागेवर येते. त्वचेला कोणी हात लावलेला नाही, काही गरम केलेले नाही, तरी ओळ वाकडी होत राहते, तेव्हा तंतू विनाकारण बोलतो आहे हे कागदावर दिसते.

हीच गोष्ट रुग्णांत पाहिली गेली. ऑस्लोतल्या संशोधकांनी २०१२ मध्ये पॉलिन्युरोपॅथीच्या दोन गटांची तुलना प्रसिद्ध केली. ११ जणांना सतत वेदना होती, ८ जणांना रोग तोच असून वेदना नव्हती. एकंदर २१४ वेदनावाही सी तंतूंच्या नोंदी घेतल्या. वेदना असणाऱ्यांच्या तंतूंत आपोआप चालणारे संदेश आणि अतिउत्तेजित होण्याच्या खुणा स्पष्टपणे अधिक निघाल्या. रुग्ण थोडे आहेत हे खरे, पण अशा एकेका तंतूमागे किती तास जातात हे लक्षात घेतले तर २१४ हा आकडा लहान नाही. आणि उलट बाजूनेही खातरजमा झालेली आहे: टोरेब्यर्क आणि होसे ओचोआ यांनी त्याच सुईतून प्रवाह सोडून माणसाच्या वेदनावाही सी तंतूंना उत्तेजन दिले, तेव्हा त्या माणसाला त्वचेच्या ठरावीक जागी दुखणे किंवा जळजळ जाणवली. त्या जागी काहीही झालेले नव्हते. झाले होते ते तंतूत.

योग्यानुपलब्धीचा मुद्दा पटवणारी आणखी एक हकीकत याच सुईने दिली. मंद, हळुवार स्पर्शाला उत्तर देणारे सी तंतू त्सोटरमनने १९३९ मध्येच मांजरात पाहिले होते. माणसात ते दिसले नाहीत, म्हणून माणसात ते उरलेच नाहीत असे बराच काळ मानले गेले. १९८८ मध्ये चेहऱ्याच्या नसेत आणि पुढे १९९३ मध्ये हाताच्या नसेत ते सापडले. सेकंदाला १ ते १० सेंटीमीटर वेगाने, म्हणजे आई बाळाच्या पाठीवरून हात फिरवते त्या वेगाने, त्वचा कुरवाळली की ते सर्वांत जास्त बोलतात. पन्नास वर्षे ते प्रत्येक माणसाच्या कातडीत होते. नव्हते ते फक्त नोंदीत.

आता आपल्याकडे येतो, कारण बारीक तंतूंचे हे ज्ञान आपल्याला परदेशातून आणण्याची गरज नव्हती. ते मुंबईत, पुण्यात, विदर्भात आपल्या डोळ्यांसमोर होते. कुष्ठरोगाच्या पाठ्यपुस्तकांत लिहिलेले असते की चट्ट्यावर सर्वांत आधी बहुधा गार-गरमची जाणीव जाते. म्हणजे बारीक तंतू आधी. पूर्वीचा कुष्ठसेवकही दोन परीक्षानळ्यांत गार आणि कोमट पाणी घेऊन फिरत असे. घाम न येणारा, कोरडा पडलेला चट्टा त्याला दुरून ओळखता येई. त्याच्याकडे यंत्र नव्हते, पण त्याची तपासणी बारीक तंतूंची होती.

मुंबईत वडाळ्याला १८९० मध्ये कुष्ठरुग्णांसाठी आसरा उभा राहिला तो पालिका आयुक्त ॲक्वर्थ यांच्या पुढाकाराने. त्यानंतरच्या शतकात या रोगातल्या नसांचा सर्वांत खोलवर अभ्यास ज्यांनी केला त्यांत डॉ. नोशीर अंतिया यांचे नाव घ्यावेच लागेल. प्लास्टिक सर्जन म्हणून त्यांनी पुण्याजवळच्या कोंढव्याच्या कुष्ठरुग्णालयात काम केले, जे. जे. रुग्णालयात प्लास्टिक सर्जरीचा विभाग उभारला, आणि पुढे मुंबईत फाउंडेशन फॉर मेडिकल रिसर्च स्थापन केले. तिथे त्यांनी आणि वनजा शेट्टी यांनी रुग्णांच्या नसांचे तुकडे इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाखाली तपासले. कुष्ठाचे जंतू नसेतल्या श्वान पेशींत, त्यातही मायेलिन नसलेल्या तंतूंना सांभाळणाऱ्या पेशींत, कसे घर करतात आणि बाहेरून काहीच कळत नसताना आत तंतूंची हानी कशी चालू असते, हे त्या कामातून समोर आले. कुष्ठरोगातल्या आणि इतर नसविकारांतल्या चेतांवर दोघांनी संपादित केलेला ग्रंथ १९९७ मध्ये ऑक्सफर्डने प्रसिद्ध केला. ज्या शहरात हे झाले, त्याच शहराच्या उंबरठ्यावरच्या वस्त्यांत आज 'टेस्ट नॉर्मल म्हणजे नसा नॉर्मल' हे वाक्य बिनदिक्कत चालते, याचे मला वाईट वाटते.

गुडघ्याखालच्या ज्या बोंडाशी स्वीडिश संशोधक सुई घालतात, तिथेच आपला कुष्ठसेवक बोट फिरवून नस जाडावली आहे का ते पाहतो, हेही इथे सांगून ठेवतो. ती नस कायमची गेली तर पाऊल लोंबते. सरकारने डिसेंबर २००५ मध्ये राष्ट्रीय पातळीवर कुष्ठनिर्मूलनाचे उद्दिष्ट गाठल्याचे जाहीर केले, तरी देशात दरवर्षी एक लाखाच्या आसपास नवे रुग्ण नोंदले जातात, आणि शेजारचा पालघर जिल्हा या रोगासाठी जुना ओळखीचा आहे. पायाच्या बधिरतेची तक्रार घेऊन आलेल्या माणसाची कातडी नीट न पाहता त्याला रिपोर्ट दाखवून परत पाठवणे हा धोका आपण पत्करू नये.

इथे एक प्रामाणिक आक्षेप येतो, आणि तो जाणकाराचाच असतो. उत्तर प्रदेशात नैनी आणि फैजाबाद इथे इन्फिर नावाचा मोठा कुष्ठ-अभ्यास झाला. २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्याच्या निष्कर्षांत नसेचा बिघाड लवकर पकडणाऱ्या चाचण्यांत संवेदी एनसीव्ही अव्वल ठरली. मग एनसीव्ही आंधळी कशी? ती आंधळी नाहीच, तिची नजर जाड तंतूंपुरती आहे; आणि कुष्ठात जाड तंतूही लवकरच सापडतात. शिवाय त्याच अभ्यासात तिच्या बरोबरीने वर आलेली दुसरी चाचणी होती उबेची जाणीव मोजण्याची, म्हणजे बारीक तंतूंची. या दोन्ही चाचण्या नेहमीच्या नायलॉन धाग्याच्या आणि स्नायूंच्या तपासणीपेक्षा बऱ्याचदा १२ आठवडे किंवा त्याहून आधी बिघाड दाखवत होत्या. माझे म्हणणे एवढेच आहे की एनसीव्हीचे 'हो' आणि एनसीव्हीचे 'नाही' यांचे वजन सारखे नाही. बिघाड दिसला तर तो आहे. दिसला नाही तर जाड, वेगवान तंतूंत तो दिसला नाही, बस्स. मनगटात दबलेली नस, गियाँ-बारे सिंड्रोम, मणक्यातून निघताना चेपलेली मुळे, इथे ही तपासणी आणि तिच्या जोडीची ईएमजी, म्हणजे स्नायूंची विद्युत तपासणी, फार मोलाच्या आहेत.

दुसरा आक्षेप: सुई घातल्यानेच तंतू बोलू लागत असतील. म्हणूनच तर ऑस्लोच्या कामात वेदना नसलेल्या रुग्णांतही तशीच सुई घातली गेली. सुईच दोषी असती तर दोन्ही गट सारखेच बोलले असते.

तिसरा आक्षेप मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. असे केले तर अंगदुखीच्या प्रत्येक तक्रारीला 'बारीक तंतूंचा रोग' हे नाव चिकटेल. हा धोका खराच आहे. फायब्रोमायाल्जिया हा अंगभर दुखण्याचा आजार घ्या. २०१३ मध्ये जर्मनीतल्या वुर्त्सबुर्गच्या संशोधकांनी या रुग्णांत बारीक तंतूंची हानी दाखवली, २०१४ मध्ये स्पेनमधल्या जोर्दी सेरा यांच्या गटाने सुईच्याच पद्धतीने सी तंतूंची अतिउत्तेजितता दाखवली. तरी त्या आजाराचे मूळ तंतूंतच आहे असा निष्कर्ष मी काढणार नाही. अनेकांत तशा खुणा आहेत, सर्वांत नाहीत, आणि कारण कोणते व परिणाम कोणता हा वाद चालू आहे. पण वाद चालू असणे वेगळे आणि रुग्णाला 'तुझ्या मनाचे खेळ आहेत' सांगून दार लावून घेणे वेगळे. पहिल्यात शास्त्र आहे. दुसऱ्यात फक्त घाई आहे. आणि ज्याला खरोखर चिंता किंवा नैराश्य आहे, त्याचेही निदान त्याची स्वतःची लक्षणे पाहून झाले पाहिजे. नसांच्या रिपोर्टच्या उरलेल्या जागेत कोणाचे मन भरायचे नसते.

चौथा आक्षेप व्यवहाराचा. मायक्रोन्युरोग्राफी जगातल्या मोजक्या प्रयोगशाळांत चालते, एका माणसावर अर्धा-अर्धा दिवस जातो, मीरा रोडच्या माणसाला तिचा काय उपयोग? थेट उपयोग नाही, आणि ती गल्लोगल्ली व्हावी असे कोणी म्हणत नाही. तिने वस्तू आहे की नाही हा वाद मिटवला. रोजच्या कामाला इतर साधने आहेत. घोट्याच्या बाहेरच्या हाडाच्या १० सेंटीमीटर वर ३ मिलिमीटरचा त्वचेचा तुकडा काढून बाह्यत्वचेत शिरणारे तंतू दर मिलिमीटरला किती ते मोजतात आणि त्या वयाच्या निरोगी माणसांशी ताडतात. टाकाही बहुधा लागत नाही. गार-गरमची जाणीव अंशांत मोजणारी यंत्रे आहेत. घामाच्या चाचण्या आहेत. आणि यांतले काहीच हाताशी नसेल तर टाचणी, कापूस आणि पाण्याच्या दोन नळ्या कोणत्याही दवाखान्यात असतात. पावलापासून वर सरकत नेत कुठे फरक पडतो ते विचारायला पाच मिनिटे पुरतात.

तपासणी नीट झाली की पुढची वाट उघडते, म्हणून एवढा आटापिटा. बारीक तंतूंच्या हानीमागे सर्वांत मोठे कारण मधुमेह. २०२३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आयसीएमआर-इंडियाब अभ्यासाने देशात १० कोटींहून अधिक मधुमेही आणि १३ कोटींहून अधिक मधुमेहपूर्व अवस्थेतले लोक असल्याचा अंदाज दिला. मधुमेहपूर्व अवस्थेतही बारीक तंतू झिजू शकतात. उपाशीपोटीची साखर ठीक निघाली तरी ग्लुकोज पाजून दोन तासांनी केलेली तपासणी कधी वेगळे सांगते, आणि जळणारे पाय हीच त्या माणसाला साखरेची मिळालेली पहिली सूचना ठरू शकते. त्याखेरीज दारू, थायरॉइड, एचआयव्ही, काही प्रतिकारशक्तीचे आजार, काही औषधे. मधुमेहासाठी मेटफॉर्मिन वर्षानुवर्षे घेणाऱ्यांत बी१२ उतरू शकते, ते मोजून घ्यावे. न मोजता इंजेक्शनांचा कोर्स लावून द्यायचा प्रघात मात्र मला मान्य नाही, कारण त्याने खरे कारण शोधायचे राहून जाते.

औषधांबद्दलही एक गोष्ट घरोघरी अडते. या जळजळीवर ॲमिट्रिप्टिलिन किंवा ड्युलोक्सेटिन देतात. मुलगा मोबाइलवर नाव पाहतो, 'डिप्रेशनची गोळी' असे वाचतो आणि आईला म्हणतो, बघ, डॉक्टरांनाही ते मनाचेच वाटते. गोळी बंद होते. खरे तर ही औषधे वेदनेच्या संदेशांना पाठीच्या कण्यात वेसण घालतात, ॲमिट्रिप्टिलिन तर त्यासाठी बहुधा नैराश्याच्या मात्रेहून बरीच कमी मात्रा देऊन वापरतात. ज्याला नैराश्य मुळीच नाही त्याचीही आग त्यांनी कमी होऊ शकते. डॉक्टरांनी गोळी लिहिताना हे एक वाक्य सांगितले तर ती घेतली जाईल.

आणि रिपोर्ट लिहिणाऱ्यांकडे माझे मागणे याहूनही लहान आहे. 'नसांची तपासणी सामान्य' या ओळीच्या जागी लिहावे: 'मोठ्या व्यासाच्या तंतूंत बिघाड आढळला नाही. बारीक तंतूंबद्दल या तपासणीवरून काही सांगता येत नाही. वेदना, जळजळ किंवा गार-गरमच्या जाणिवेत फरक असल्यास वेगळी तपासणी करावी.' त्याला नवे यंत्र लागत नाही, जादा खर्च नाही. तो कागद घेऊन घरी जाणारा माणूस दुसऱ्या दिवशी साखर तपासायला रांगेत उभा राहील, आणि घरचे त्याच्याबरोबर जातील.